एक ब्लेड, दोन कपाळं

मी दत्ता. शिरूर तालुक्यातल्या न्हावऱ्याचा. बेचाळीस वर्षांचा आहे, यकृत अर्धंमुर्धं शाबूत आहे, आणि हे लिहितोय ते कौतुक करून घ्यायला नाही. माझ्यासारखे पैलवान अजून हिंडताहेत. त्यांच्या कपाळावर माझ्यासारख्याच रेघा आहेत आणि ते मूग गिळून बसलेत. मीही बसलो होतो. त्यातनं काय झालं ते सांगतो. मला लिहायची सवय नाही, शिव्या गाळून लिहायची तर अजिबातच नाही, तेव्हा सांभाळून घ्या.

आमचा धंदा

हणमंतची आणि माझी गाठ दौंडच्या तालमीत पडली. तो तिकडचाच, भीमेच्या काठावरच्या वाडीवरचा. त्याचा आजा मेंढरं राखायचा, बापानं ऊस केला. मी न्हावऱ्यातनं एसटीनं जायचो. तो अंगानं थोराड आणि डोक्यानं थंड. मी चिडका. आमचं जमलं ते त्यामुळंच असावं.

मातीतल्या कुस्तीत आम्ही दोघंही मधल्या फळीतले. जत्रेच्या फडात नाव पुकारलं जायचं, पण शेवटच्या मानाच्या कुस्तीला आम्हाला कधी कुणी विचारलं नाही. एक दिवस तालमीत एक माणूस आला. म्हणाला, हरियाणात रिंगमधली कुस्ती चालते, टीव्हीवर दिसते तसली. तिथं जोडीनं लढणारे पाहिजेत.

हणमंत म्हणाला, "दत्त्या, हितं राहून काय करनार? म्हशी धुनार? चल."

गेलो. सात वर्षं राहिलो. आमचं नाव ठेवलं 'भीमथडी ब्रदर्स'. उत्तरेतल्या लहान लहान गावांत, मैदानात दोरखंडाची रिंग ठोकून खेळ व्हायचे. त्या लोकांना भीमथडी म्हणजे काय ते घंटा कळत नव्हतं, पण ओरडायचे जोरात.

या कुस्तीला टॅग म्हणतात. इकडं दोघं, तिकडं दोघं. दोघांतला एकच आत लढतो, दुसरा दोराबाहेर उभा असतो. आतल्यानं येऊन हाताला हात लावला तरच बाहेरच्यानं आत जायचं. म्हणजे आतला मार खात असतो आणि बाहेरच्यानं फक्त बघायचं.

आता खरं सांगतो. निकाल आधी ठरलेला असतो. कोण पडणार, कोण उठणार, सगळं दुपारीच बोलून झालेलं असतं. पडणं खरं, पाठ मोडणं खरं, पण जिंकणं-हरणं लुटुपुटूचं. ही गोष्ट बाहेर बोलायची नाही, हा धंद्याचा पहिला नियम. बायकोजवळ नाही, बापाजवळ नाही. जो बोलला त्याला कुणी परत रिंगमध्ये उभं करत नसे.

आणि रक्त. पब्लिकला रक्त लागायचं. त्यासाठी दाढीच्या ब्लेडचा नखाएवढा तुकडा बोटाच्या चिकटपट्टीत दडवलेला असायचा. मी मार खाऊन रिंगच्या बाहेर पडलो की हणमंत धावत यायचा, काळजी वाटल्यासारखा माझ्यावर वाकायचा. पब्लिकला त्याची पाठ दिसायची. तेवढ्यात तो माझ्या कपाळावर, केसांच्या जरा खाली, एक बारीक रेघ ओढायचा. घामात रक्त मिसळलं की सगळं तोंड लालभडक. दुसऱ्या दिवशी त्याची पाळी, कापणारा मी.

ब्लेड तेच. चड्डीला पुसायचं आणि पट्टीत ठेवायचं. का, तर नवं ब्लेड खोल जातं, जुन्या तुकड्याची धार हाताला ठाऊक असते, अशी आमच्यात समजूत. हणमंतचा तुकडा सगळ्यांत चांगला म्हणून नाव होतं. दुसऱ्या जोड्यासुद्धा यायच्या, "भाई, वो हल्का वाला देना." आम्ही द्यायचो. कसली अक्कल! पण तेव्हा त्यात आम्हाला अभिमान वाटायचा, हे लपवत नाही.

माझ्या वडिलांना, म्हणजे आबांना, मी रक्तानं माखलेला एक फोटो पाठवला होता. त्यांनी तो मोठा करून ओसरीवर लावला. जो येईल त्याला सांगायचे, "पोरगं फुटलं पर हटलं न्हाई."

मग माझा खांदा निखळला, मुलगी झाली, आणि मी धंदा सोडून इकडं एमआयडीसीत सिक्युरिटीत लागलो. हणमंतला न विचारता सोडला. जोडीतला एक गेला की दुसऱ्याला कोण ठेवतं? वर्षाभरात तोही परतला आणि उसात उतरला. एका लग्नात मांडवात समोरासमोर आलो तेव्हा तो एवढंच म्हणाला, "जोडी तू मोडली. आता पयलं बोलायचं ते बी तूच." मी बोललो नाही. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, ते आमच्याकडं बघून म्हटलं असावं. सहा वर्षं एकमेकांशी शब्द नाही.

कळलं तो दिवस

गावात रक्तदान शिबिर होतं. मी मुद्दाम बाही दुमडून गेलो, पैलवानाचं रक्त म्हणून. पंधरा दिवसांनी फोन आला. बाई म्हणाली, "एकदा येऊन भेटा, फोनवर सांगता येणार नाही."

एकच रोग डोक्यात आला, त्याचं नाव मनातसुद्धा घेववेना. भेटलो तर त्यांनी पुण्याच्या मोठ्या दवाखान्यात पाठवलं. बरोबर माझी बायको सुरेखा होती. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, घाई नव्हती त्यांना. म्हणाल्या, "हिपॅटायटिस सी आहे. हा विषाणू यकृत आतून खराब करत जातो. तुमचं अर्ध्या वाटेवर आहे. पण तीन महिन्यांच्या गोळ्यांनी बहुतेक जण बरे होतात."

मी देवाचं नाव घेतलं. मग त्यांनी विचारलं, "कधी रक्त चढवलं होतं? गोंदवून घेतलंय? दुसऱ्यानं वापरलेली सुई, ब्लेड?"

शेजारी सुरेखा. मी म्हणालो, "न्हाई."

"कपाळावर एवढ्या खुणा आहेत."

"कुस्तीत लागलंय."

बाई म्हणाल्या, "आठवून बघा. ज्यांच्या रक्ताशी तुमचं रक्त मिसळलं असेल, त्यांनीही तपासायला हवं. हा आजार वर्षानुवर्षं कळत नाही. आणि कळतो तेव्हा फार उशीर झालेला असतो."

मला फक्त हणमंतचं कपाळ दिसत होतं. तरी तोंडातनं चकार शब्द काढला नाही.

घरात

सुरेखाचं आणि मुलीचं रक्त तपासलं, निल आलं. त्यानं जीव भांड्यात पडला, पण घरातलं बिघडलं ते तिथूनच.

"मंग तुम्हाला आलं कुठनं?" सुरेखानं विचारलं. "हवेतनं?"

"मला काय ठावं."

"सात वर्सं तिकडं एकलं ऱ्हायलात. मला काय कळत न्हाई व्हय?"

तिला वाटलं मी बायांकडं जात होतो. एका वाक्यात तिची शंका फिटली असती. अगं, ब्लेड होतं, एवढंच म्हणायचं होतं. मी म्हटलं नाही. बायकोनं मला बाहेरख्याली समजलं तरी चालेल, पण कुस्ती खोटी होती हे कळायला नको! आज लिहिताना माझीच मला लाज वाटते. ती मुलीला घेऊन माहेरी, वडगाव रासाईला निघून गेली. पंधरा दिवसांनी आली ती माझ्यासाठी नाही, मुलीची शाळा होती म्हणून.

आबांनी माझा तांब्या-पेला वेगळा केला. डॉक्टरांनी सांगितलं होतं की जेवणाखाण्यानं हा आजार होत नाही. दाढीचं सामान, नेलकटर, ब्रश तेवढा वेगळा ठेवा. मी ते आबांना सांगितलं. ते म्हणाले, "आसू दे." पेला वेगळाच राहिला.

गोळ्यांचे दिवस

दर महिन्याला पुण्याला जायचं. पहाटेची एसटी, मग रांग, मग कागदावर नंबर, मग पुन्हा रांग. गोळ्या सरकारी दवाखान्यात फुकट मिळतात, हे मी मुद्दाम लिहितोय, कारण पुष्कळांना माहीत नाही. रोज एक गोळी. डोकं जड व्हायचं, दुपारी झोप अनावर व्हायची. गेटवर उभ्या उभ्या पेंगलो म्हणून साहेबांनी दोनदा झापलं.

रक्त काढणाऱ्या एक सिस्टर होत्या, नगरकडच्या. पहिल्या दिवशी सुई बघून मला घाम फुटला. त्या म्हणाल्या, "काय हो पैलवान, देह हत्तीचा आन् काळीज चिमणीचं?" त्यानंतर मी लांबून दिसलो तरी ओरडायच्या, "पैलवान, दंड हिकडं!" सगळी रांग हसायची. त्या तीन महिन्यांत मला आवडीनं हाक मारणारं माणूस ते एकच होतं.

आणि हणमंत? त्याचा नंबर माझ्याकडं होता. रोज फोन हातात घ्यायचो. मग वाटायचं, पहिलं तो का बोलत नाही? मग वाटायचं, कदाचित त्याला नसेलही. मग वाटायचं, मी सांगितलं तर तो बायकोला सांगेल, ती भावकीत सांगेल, दोन्ही तालुक्यांत बोभाटा होईल, भीमथडी ब्रदर्स ब्लेड मारून रक्त काढायचे. आबांच्या कानावर जाईल. माझ्या गोळ्या होऊ देत, मग बघू. फोन ठेवून द्यायचो.

एकदा मोटरसायकलवर त्याच्या शिवारापर्यंत गेलो. तो उसाला पाणी देत होता. लांबूनच बघितलं. खांदे उतरल्यासारखे वाटले, पण चालत होता, फावडं मारत होता. मी स्वतःला म्हटलं, ठणठणीत आहे की. आणि गाडी वळवली. ठणठणीत नव्हता हे मला तेव्हाच दिसलं होतं. सात वर्षं ज्याचं अंग रोज अंगाला लागलं, त्याचे खांदे मला कळणार नाहीत तर कुणाला?

रिपोर्ट

गणपतीत गोळ्या संपल्या. त्यानंतर तीन महिन्यांनी शेवटची तपासणी असते. विषाणू सापडला नाही. नगरच्या सिस्टरनी पेढा मागितला.

घरी आल्यावर सुरेखा म्हणाली, "आता बरं झालात. आता खरं सांगा. मी काय करनार न्हाई, रडनार बी न्हाई."

मी सांगितलं. ब्लेडसकट, ठरलेल्या निकालासकट.

"येवढंच?" ती म्हणाली. "ह्याच्यासाठी मला सहा म्हैनं जाळलं?" मग एकदम तिचा चेहरा बदलला. "आन् हणमंत भावजींनी तपासलं का?"

"ठावं न्हाई."

"म्हंजी? तुम्ही सांगितलंय ना त्यांला?"

मी खाली बघितलं.

"अहो, मानूस हाय का कोन तुम्ही!" ती उठली, पायात चप्पल घातली आणि दारात उभी राहिली. "काढा गाडी. आत्ता."

दौंडला

हणमंत अंगणात बाजेवर पडला होता. पोट वर आलेलं, पाय सुजलेले, दंड वाळलेले, डोळे पिवळे. त्याची बायको तुळसा वहिनी म्हणाल्या, गॅस झालाय म्हणतात आणि दिवाळीपासनं काढा घेताहेत, दवाखान्यात चला म्हटलं की अंगावर येतात.

त्यानं मला बघितलं. "आला का?" म्हणाला.

"आलो."

"लई येळ लावला गड्या."

मला वाटलं, तो सहा वर्षांच्या अबोल्याबद्दल बोलतोय. मी त्याचे पाय धरले आणि रडलो. तो म्हणाला, "आरं, बाया बघत्यात." दुसऱ्या दिवशी त्याला पुण्याला नेला.

त्याच डॉक्टरीणबाई. त्यांनी तोच प्रश्न विचारला. रक्त, सुई, ब्लेड? तुळसा वहिनी शेजारी उभ्या. हणमंत माझ्याकडं न बघता म्हणाला, "न्हाई. तसलं काय न्हाई."

बसता येत नव्हतं त्याला, श्वास घेता येत नव्हता, तरी धंद्याचा नियम पाळत होता. मला कळून चुकलं, तो मला वाचवत होता. मी म्हणालो, "मॅडम, खोटं बोलतोय. ब्लेड एकच होतं. मी याला कापायचो, हा मला. तेव्हा मीही तुमच्याशी खोटंच बोललो."

"गप ए!" हणमंत ओरडला, जेवढं ओरडता येत होतं तेवढं. "धंद्याचं नाव घालवतो का?"

"धंदा गेला खड्ड्यात," मी म्हणालो.

आजार त्याला कुणाकडनं आला, मला कुणाकडनं, आम्ही दुसऱ्या किती जणांना दिला, हे कळायला मार्ग नाही. बाईंनी सांगितलं, ते शोधत बसू नका, तुमच्याबरोबरच्या सगळ्यांना कळवा. मी कळवायला लागलो. काही जणांनी शिव्या दिल्या. काही जणांनी तपासून घेतलं. एकाला निघाला, त्याच्या गोळ्या चालू आहेत. जे फोन उचलत नाहीत, त्यांच्यासाठी हे लिहिलंय.

वॉर्डात

हणमंतच्या यकृतात गाठ निघाली. गोळ्यांचा आता उपयोग नव्हता. आठवड्याला पोटातलं पाणी काढायचे, चार दिवसांत पुन्हा भरायचं. मी सुट्टी टाकून त्याच्याजवळ राहिलो. दुपारी वॉर्डात सगळे झोपले की तो छताकडं बघत जुन्या मॅची आठवायचा. कुठल्या गावात रिंगची फळी तुटली, कुठं पाऊस आला. एकदा म्हणाला, "दत्त्या, तू कापायचा तवा हात थरथरायचा तुझा. मला भ्या वाटायचं, डोळा फोडतोय काय."

"मंग बोलला का न्हाई?"

"तू आनखी थरथरला आसता."

त्याच सुमारास मी आबांना सगळं सांगितलं. म्हटलं, दुसऱ्या कुणाकडनं कळण्यापेक्षा माझ्याकडनं कळू दे. ते ओसरीवर बसून होते.

"म्हंजी जितनं ठरल्यालं असायचं?"

"व्हय आबा."

"रगात तर खरं व्हतं ना?"

"व्हय."

"मंग झालं," म्हणाले, आणि आत जाऊन झोपले. दोन दिवस जेवले नाहीत.

शिमग्याच्या आधी हणमंतला रक्ताची उलटी झाली. बेसिन भरलं. मी त्याचं डोकं धरलं होतं. सिस्टर पळत आल्या, पडदा ओढला, मला बाहेर जायला सांगितलं. मी पडद्याबाहेर उभा राहिलो. अर्ध्या तासानं डॉक्टर बाहेर आले आणि मान हलवली. मला काहीच करता आलं नाही. इतकी भीती मला कुठल्याच रिंगमध्ये वाटली नव्हती.

तेराव्यानंतर

तुळसा वहिनींचा आणि त्यांच्या दोन्ही मुलांचा रिपोर्ट निल आला होता. ते पाकीट द्यायला मी गेलो. त्या उंबऱ्यात बसल्या होत्या. मला वाटलं, आता बोललो नाही तर आयुष्यभर बोलणार नाही.

म्हणालो, "वहिनी, मला माझं जेठात कळलं होतं. मी मार्गशीर्षात आलो. मधे सहा महिने मी गप्प बसलो. जेठात सांगितलं असतं तर कदाचित—" मला वाटलं त्या चपलेनं मारतील. मारलं असतं तर बरं झालं असतं.

त्या शांत होत्या. म्हणाल्या, "भावजी, ह्यांला ठावं व्हतं."

"काय?"

"तुमचं. आखाडात तुमच्या गावचा दूधगाडीवाला सांगत व्हता, पैलवानाचं लिव्हर गेलंय, पुन्याला गोळ्या चालू हायेत. त्या दिवशी हे जेवले न्हाईत. म्हनले, दत्त्याला हाय म्हंजी मला बी असनार."

"मंग दवाखान्यात का न्हाई गेला?"

"मी रोज म्हनायची, चला. तर म्हनायचे, मी एकला गेलो तर डॉक्टर इचारंल कुठनं आलं, आन् दत्त्याचं उघडं पडंल. त्याचा बाप हाय अजून." त्यांनी पदर तोंडाला लावला. "म्हनायचे, तो सांगितल्याबिगर ऱ्हायचा न्हाई. येऊ दे त्याला. दोघं मिळून जाऊ."